तेवीस दिवसांचा तपास

ती गोष्ट आठवली की मला अजून हसू येतं, आणि ते दुसऱ्या कुणाचं नाही, माझंच येतं. पोलीस खात्यात मी आयुष्य काढलं. निवृत्त झाले तेव्हा खांद्यावर फीत होती आणि हाताखाली माणसं होती. खून, दरोडे, पळवापळवी, सगळं पाहिलं. पण माझा पहिला तपास खुनाचा नव्हता की चोरीचाही नव्हता. एका जमादाराला नोकरीतून मुदतीआधी घरी बसवा, असे तीन निनावी अर्ज आले होते आणि ते कुणी केले हे मला शोधायचं होतं. नाव मी कुणाचंच घेणार नाही. ती माणसं आता नाहीत, पण त्यांची नातवंडं जालन्यातच आहेत आणि मला ओळखतात.

तेव्हा राज्य निजामाचं होतं. आमचं ठाणं मस्तगडाच्या अंगाला. ठाण्याचा मुख्य तो अमीन, त्याच्या हाताखाली जमादार, मग नाईक आणि जवान, आणि लिहिण्याकरता एक मोहरीर. सगळा कारभार उर्दूत. जिल्ह्याचा मोठा साहेब म्हणजे मोहतमिम, तो औरंगाबादेत बसायचा आणि आगगाडीनं मुआयन्याला, म्हणजे ठाण्याच्या तपासणीला, यायचा. मी या सगळ्यांच्या खाली, झडतीवाली. बायकांची झडती बाईनं घ्यावी म्हणून ठेवलेली. माझे मालक ठाण्यात जवान होते, ते पटकीत गेले. जमादार माझ्या आईच्या गावचे, वडीगोद्रीचे, म्हणून मी त्यांना मामा म्हणायची. त्यांनीच अमीनसाहेबांपुढं शब्द टाकून मला ही नोकरी लावली.

मी बावीस वर्षांची होते. सरकारनं एक पितळी बिल्ला दिला होता. तो मी रोज चिंचेनं घासायची आणि नऊवारी लुगड्यावर अशी लावायची की रस्त्यावरच्या गाढवालासुद्धा दिसावा. अक्षरओळख नव्हती, पण रुबाब अमीनसाहेबांपेक्षा चार बोटं जास्त. झडतीत एका बाईच्या ओच्यात अफूची गोळी सापडली होती, तेव्हापासून तर मला वाटायचं की राज्याचा बंदोबस्त माझ्यामुळंच टिकून आहे.

आता अर्जांची हकीकत. वजीफा म्हणजे आजचं पेन्शन. आमच्याकडं रीत अशी होती की पंचवीस वर्षं नोकरी भरली की माणूस आपण होऊन वजीफा मागून घरी जाऊ शके. त्याआधी मात्र फक्त सरकारच त्याला काढू शके. मोहतमिमनं शेरा मारला की हा माणूस कामाला नाकारा, म्हणजे निकामी, झाला, की झाला जबरी वजीफा. हुकमावर 'नाकारा' हा शब्द यायचा आणि तो हुकूम त्या माणसाच्या गावच्या चावडीवर वाचला जायचा. मामा गावी गेले की पारावरची माणसं उठून उभी राहायची. त्याच गावात हा शब्द वाचला जाणार, असं ते संकट होतं.

अर्ज टपालानं औरंगाबादेला गेले होते. तिथून ते चौकशीसाठी आमच्याकडं परत आले. मोहरीरानं दार लावून ते अमीनसाहेबांना वाचून दाखवले. मी पाणी द्यायच्या निमित्तानं आत होते. तिन्हींचा मजकूर एकच: जमादाराला दिवेलागण झाली की दिसत नाही. दिवसा तपासू नका, दिवे लागल्यावर तपासा. उपाशीपोटी कामावर जातो, तब्येत राहिली नाही. तरी मेहेरबान सरकारनं त्याला इज्जतीनं घरी बसवावं.

अमीनसाहेबांनी कपाळ चोळलं. "मोहतमिमसाहब बोले, चौकशी का कागज आए बगैर मिसल नहीं खोलूंगा. अर्ज झूठा निकला तो लिखनेवाले पर मुकदमा. जमादार, किसको दूं ये काम?"

मिसल म्हणजे त्या माणसाची फाइल. मामा दाराशीच, आतल्या अंगाला, उभे होते. ते म्हणाले, "साहेब, जवानांत कुणाला दिलं तर दुसरा म्हणंल ह्यानंच लिवला. हिला द्या. बाईमाणूस हाय, कानोसा बराबर घेईल."

अमीनसाहेबांनी माझ्याकडं पाहिलं, मग मामांकडं पाहिलं. "इसको?"

"हिलाच," मामा म्हणाले.

त्या दिवशी मी बिल्ला दोनदा घासला.

पहिला संशय मी नाईकावर घेतला. जमादार गेला तर जागा नाईकाला मिळणार, हे उघड होतं. शिवाय मी एक गोष्ट हेरली होती: दिवे लागायची वेळ झाली की नाईक मामांच्या हातातली बंदूक काढून आपल्या खांद्याला लावी आणि गस्तीला पुढं होई. मी मनात म्हटलं, बघा, आत्तापासून जमादारी करून राह्यलाय. मी त्याच्यावर पाळत ठेवली. घोड्यांच्या तबेल्याच्या भिंतीआड चार दुपारी उभी राहिले. पाचव्या दुपारी तो सरळ माझ्याकडं आला आणि पाण्याचा तांब्या पुढं केला.

"घ्या बाई. ऊन लई हाय. पाळत ठेवायचीच तर त्या लिंबाखाली ठेवा, मला तिथूनबी दिसतो मी."

मी म्हटलं, "कोण म्हणतं मी पाळत ठेवून राह्यले?"

"कुणीच न्हाई," तो म्हणाला. "बिल्ला चमकतो, त्याच्यावरून वाटलं."

हे झाले सहा दिवस. मग मी गेले मोहाची दारू गाळणाऱ्या बाईकडं. मामांनी तिची भट्टी दोनदा फोडली होती, म्हणजे वैर आलं. मी तिला ठाण्यात बोलावलं, मोहरीराची खुर्ची मागून घेतली, पायावर पाय टाकला आणि अमीनसाहेब करायचे तसा आवाज केला. "खरं सांग. अर्ज तू केलास?"

ती खाली उकिडवी बसली होती. तिनं माझ्या पायांकडं बघितलं. "पोरी, पाय खाली घे, लुगडं वर गेलंय."

मी पाय खाली घेतला. जबाब तिथंच अर्धा संपला होता, पण मला ते कळलं नाही.

ती म्हणाली, "मी कशाला अर्ज करू? हा गेला तर दुसरा येईल. त्याची येळ, त्याची वाट, त्याचा राग समदं नव्यानं शिकावं लागंल. ह्याचं मला बराबर ठाऊक हाय. दिवसा आला तर मी भट्टी मोडून बसते. दिवे लागल्यावर आला तर मी तिथंच बसते. मागल्या महिन्यात हा निवडुंगाला म्हणला, काय पाटील, हिकडं कसं?"

मी हसले नाही, कारण अधिकारी हसत नाहीत असा माझा समज होता. पण घरी जाताना ध्यानात आलं की अर्ज कुणी केला हे राहू दे, अर्जात लिहिलंय ते खरं निघून राह्यलंय. मामांना रातांधळं आलं होतं.

मग मी काय केलं असेल? आज सांगायला लाज वाटते. खात्री करून घ्यायला मी दिवेलागणीच्या वेळी ठाण्याच्या ओसरीवर, मामांच्या वाटेत, पाण्याचा तांब्या ठेवला आणि खांबाआड उभी राहिले. मामा आले. तांब्याला पाय लागला, पाणी सांडलं, अंगठा ठेचला. ते खाली बसले, अंगठा दाबून धरला आणि कुणालाच उद्देशून म्हणाले, "ह्या ठाण्यात मांजरं लई झाली." मला आनंद झाला, पुरावा मिळाला म्हणून. ज्यानं मला भाकरी दिली त्याचा अंगठा फोडून मी खूश झाले होते.

अमीनसाहेब दर दोन-तीन दिवसांनी विचारायचे, "कुछ हुआ?" मी म्हणायची, "तपास चालू हाय साहेब." रोजनाम्यात मोहरीर तेच लिहायचा. मध्ये बाजारच्या दिवशी मी भाजीवाल्या बायकांना एकेकटीला बाजूला घेऊन विचारलं, त्यामुळं ज्यांना अर्जांची खबर नव्हती त्यांनाही ती झाली. तिसरा आठवडा लागला.

आता वाचणाऱ्यांपैकी कुणी शहाणा म्हणत असेल, अहो, निनावी असला तरी अर्ज उर्दूत होता ना? मग तो कुणीतरी लिहून दिला असणार. खरं आहे. ठाण्यासमोर, मोजून चाळीस पावलांवर, लिंबाखाली चटई टाकून अर्जनवीस बसायचा. लोकांचे अर्ज लिहून देणं हाच त्याचा धंदा. कुणीही पोलीस पहिल्या दिवशी पहिल्यांदा त्याच्याकडं गेला असता. मी एकविसाव्या दिवशी गेले. तेही आपण होऊन नाही. माझ्या चपलेचा अंगठा तुटला म्हणून त्याच्या सावलीत बसले.

त्यानं कलम कानावर ठेवली. "आल्या का बाई? मी रोज वाट बघून राह्यलो. म्हणलं आज येतील, उद्या येतील."

"अर्ज तुम्ही लिवले?"

"अक्षर माझं हाय. मोहरीरसाहेबांनी तर बघताक्षणी ओळखलं असंल."

मोहरीरानं ओळखलं होतं. त्याला कुणी विचारलं नव्हतं, म्हणून तो बोलला नव्हता.

"कुणी लिवायला लावले?"

"बाई होती. पदर इथपर्यंत. मी गिऱ्हाइकाचं नाव विचारत न्हाई. पण ज्याच्यावर अर्ज त्याचं नाव तर पायजे ना? मी म्हणलो, जमादाराचं नाव सांगा. ती खाली बघायला लागली. पुन्हा विचारलं, पुन्हा खाली. माझा धंद्याचा कायदा असा की गिऱ्हाइकाच्या तोंडातून येईल तेच कागदावर. म्हणून तिन्ही अर्जांत नुसतं 'जमादार' लिवलं." त्यानं दऊत बंद केली. "इतकी वरसं मी लोकांच्या तक्रारी लिवतो बाई. दुश्मन नाव विसरत न्हाई. बापाचं सांगतो, आज्याचं सांगतो, वर दोन शिव्या लिवा म्हणतो. अन् मागतो काय? नोकरीवरनं हाकला म्हणतो. हिनं मागितलं, इज्जतीनं घरी बसवा."

मी चप्पल हातात घेऊन उठले. मारुतीच्या देवळापर्यंत गेले आणि तिथं उभीच राहिले. जी बाई एका पुरुषाचं नाव काही केल्या तोंडातून काढत नाही, ती त्याची कोण? हे आमच्याकडं पाच वर्षांच्या पोरीलाही ठाऊक असतं. मीही माझ्या मालकांचं नाव कधी घेतलं नव्हतं. ते गेल्यावर नोकरीच्या कागदासाठी सांगायची वेळ आली तेव्हा मोहरीरापुढं शेजारणीनं सांगितलं होतं. आणि हे ध्यानात यायला मला एकवीस दिवस लागले.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी मामींकडं गेले. बिल्ला लावून गेले, हेही लिहायलाच हवं.

मामी अंगणात करडई पाखडत होत्या. मी उभ्यानंच म्हटलं, "मामी, तुमचा जबाब घ्यायचाय."

"आधी खाली बस. उभ्यानं जबाब मागायला तू मोहतमिम हायेस का?"

मी बसले. जबाबाची सुरुवात कशी होते ते मला पाठ होतं. "नाव, वय, नवऱ्याचं नाव."

"नवऱ्याचं नाव तुला ठाऊक न्हाई व्हय?"

"कागदावर तुमच्या तोंडून यावं लागतं."

सूप थांबलं. मामी माझ्याकडं बघत राहिल्या आणि मग हसल्या, पण डोळ्यांत पाणी होतं. "असं हाय तर. नाव घेतलं असतं तर घावले नसते." त्यांनी सूप बाजूला ठेवलं. "ऐक मंग. दोन महिने झाले. कुंडलिका नदीच्या काठी ह्यांची गस्त होती, अंधार नुकता पडला होता. काहीतरी हललं. ह्यांनी आवाज दिला, कुणी बोललं न्हाई. ह्यांनी बार काढला. मेंढी होती ती. तिच्यापासून हातभर अंतरावर धनगर निजला होता."

मी सरकून त्यांच्या जवळ बसले.

"दुसऱ्या दिवशी त्याची बायको इथं आल्ती. मला वाटलं भांडायला आली. ती म्हणली, बाई, तुमच्या मालकाला दिसत न्हाई. माझा उरला म्हणून सांगून राह्यले. एवढं म्हणून निघून गेली. पाणीबी प्याली न्हाई." मामींनी पदरानं तोंड पुसलं. "मंग मी ह्यांना म्हणलं, पुरं झालं, घरी बसा. म्हणले, थोडं दिवस थांब. कोणता माणूस म्हणत न्हाई थोडं दिवस थांब? दुसरा कुणी मरायची वाट बघू का? का हेच एखाद्या हिरीत जाऊन पडायची? मंग मीच गेले त्या अर्जवाल्याकडं."

"मामी," मी म्हटलं, "पण इज्जतीनं बसवत न्हाईत. अर्जावरून काढलं तर नाकारा म्हणून काढतात. चावडीवर तसं वाचतात."

त्यांचा हात सुपावर होता, तो तिथंच राहिला. "चावडीवर?"

"व्हय."

"हे मला कुणी सांगितलं न्हाई." त्या म्हणाल्या, "मला वाटलं, सरकारला कळवलं की सरकार बोलावून सांगतं, आता पुरं, घरी जावा. ते सरकारचं तरी ऐकतील." मग माझा हात धरला. "मुकदमा करायचा तर माझ्यावर कर. पण हे मी केलं असं ह्यांना सांगू नको."

मी बिल्ला काढून कनवटीला लावला. नोकरीत पहिल्यांदाच तो मला जड वाटला. त्या रात्री जे काही ठरवलं ते असं: अमीनसाहेबांना सांगायचं, अर्जदार सापडला नाही. आणि मामांना सांगायचं, मोहतमिम यायच्या आत तुम्हीच काहीतरी करा.

सकाळी मामा मालखान्यात, जप्तीचा माल ठेवायच्या खोलीत, बेड्या मोजत होते. मी दार लोटलं आणि रात्रभर घोकलेलं भाषण सुरू केलं. नोकरी काय, माणसाचा जीव काय, नजर कुणाच्या हातात नसते, वगैरे. माझ्याहून दुप्पट वयाच्या माणसाला मी तासभर शहाणपण शिकवलं असतं, पण त्यांनी मध्येच विचारलं, "अर्जदार सापडला का?"

"न्हाई मामा."

"बिलकुल न्हाई?"

"बिलकुल न्हाई."

"बरं झालं." त्यांनी बेड्या खुंटीला अडकवल्या. "परवा माझी पंचवीस वरसं भरली. आज उजाडताच मोहरीराकडं कागद दिला. आपण होऊन वजीफा मागितलाय, नजर अधू झाली म्हणून. आता नाकारा लिवायचं कारण न्हाई."

मी दार सोडून पुढं झाले.

"अर्ज आले तवा एकवीस दिवस कमी होते. चौकशीचा कागद गेल्याबिगर मोहतमिम मिसल उघडत न्हाईत. म्हणजे चौकशी तेवढे दिवस चालाया पायजे होती. म्हणून अमीनसाहेबांना म्हणलो, हिला द्या."

मला वाटलं कौतुक आहे. मी म्हटलं, "माझ्यावर एवढा भरवसा?"

"मंग. दुसरा कुणी असता तर पहिल्याच दिवशी समोरच्या लिंबाखाली गेला असता. तू जायची न्हाईस, याची मला खात्री होती." ते हसले नाहीत, म्हणून जास्त लागलं. "मधी एकदा वाटलं, लागतो हिला पत्ता. पण तू बाजाराकडं वळलीस, जीव भांड्यात पडला."

"अन् ह्या दिवसांत पुन्हा काही झालं असतं तर?"

"त्या मेंढीनंतर दिवे लागल्यावर मी बंदूक हातात धरली न्हाई. नाईक धरतो. त्यानंच सांगितलं, जमादार, सांजच्याला ती माझ्याकडं द्या, तुमची वरसं भरेपर्यंत मी सांभाळतो."

नाईकाच्या पाठीमागं तबेल्यात काढलेल्या चार दुपारी माझ्या डोळ्यांपुढून गेल्या. मग मी हळूच विचारलं, "म्हणजे अर्ज कुणी केला ते तुम्हाला..."

"पहिला वाचला तवाच. माझ्या उपाशी जाण्याची फिकीर करणारा दुश्मन या जालन्यात कुठं राहतो?" त्यांनी मालखान्याची किल्ली कमरेला लावली. "तिला सांगू नको मला ठाऊक हाय म्हणून. तिच्या जिवाला लागंल."

तेविसाव्या दिवशी मी अमीनसाहेबांपुढं उभी राहिले. "अर्जदार सापडला न्हाई, साहेब."

"तेईस दिन में ये?" त्यांनी मामांच्या कागदावर सही केली, माझ्या चौकशीचा कागद त्याला जोडला आणि दोन्ही एकाच लखोट्यात घातले. मग म्हणाले, "बहोत अच्छा काम किया." मला वाटलं ते टोमणा मारताहेत. त्यांनाही सगळं ठाऊक होतं हे कळायला मला आणखी पाच-सहा वर्षांची नोकरी लागली.

महिन्याभरानं हुकूम आला, चांगल्या नोकरीबद्दल वजीफा मंजूर. वडीगोद्रीच्या चावडीवर तो वाचला तेव्हा मामी बायकांत बसल्या होत्या आणि मी त्यांच्या शेजारी. शब्द उर्दू होते, त्यांना एकही कळला नसेल, पण पारावरची माणसं उठून उभी राहिली ते त्यांनी पाहिलं.

पुढं राज्य बदललं, वजीफ्याचं पेन्शन झालं, मी अक्षरं शिकले, खात्यात वर चढत गेले. कायदा नवा आला तरी वयाच्या पन्नाशीला माणसाचे कागद काढून ठेवायचं की घालवायचं हे बघायची रीत राहिलीच. माझेही कागद वर गेले होते तेव्हा आठ दिवस मला भाकरी गोड लागली नाही. नंतर दुसऱ्यांच्या कागदांवर शेरे लिहायची पाळी माझ्यावर आली. प्रत्येक वेळी मी आधी त्या माणसाच्या घरी जाऊन चहा पिऊन यायची. फाइलीत लिहिलेलं असतं की कामात कसूर झाली; कसूर का झाली हे घरात कळतं. आणि तपास कुणाला द्यायचा हे ठरवताना मी हुशार माणूस शोधायची, पण कधी कधी, जिथं कुणाला थोडा वेळ मिळायला हवा तिथं, ठाण्यातला सगळ्यात रुबाबदार नवखा मुलगा हेरून त्याला द्यायची. तो खूश होई. त्याचं काय चाललंय हे मला बरोबर ठाऊक असे, कारण ते सगळं मी आधी करून बसले होते.

मामा गेल्यानंतर पुष्कळ वर्षांनी मी मामींना भेटायला गेले. त्यांना ऐकू कमी यायचं. मला जवळ ओढून त्या कानात म्हणाल्या, "एक बरं झालं बघ. ते अर्ज म्या केले हे ह्यांना शेवटपर्यंत कळलं न्हाई."

नोकरीत मी हजारो जबाब घेतले. खोटं बोलणारा माणूस नजर चुकवतो, हे शिकून शिकवलंही. मामींच्या डोळ्यांत डोळे घालून मी म्हणाले, "न्हाई मामी. बिलकुल न्हाई."